तळघरातली अकरा मिनिटं

१

रविवारी सकाळी अकरा वाजता इमारतीच्या सभेत फिल्म दाखवायची होती आणि अकराला पाच मिनिटं कमी असताना ती जागेवर नाही हे कळलं.

कळलं ते मिस्त्रींना. त्यांनी हॉलमधलं भिंतीतलं कपाट उघडलं, खालच्या फळीवर वहीसारखी चपटी पडलेली कापडी पिशवी उचलली, झटकून मोकळी केली आणि आत हात घातला. वायर हाताला लागली. पेनड्राइव्ह लागला नाही. त्यांनी पिशवी उलटी केली, फळीवरून हात फिरवला, गुडघे टेकून कपाटाखाली पाहिलं. मागे खुर्च्यांवर बसलेली तीस-पस्तीस माणसं हे सगळं बघत होती. कुणीतरी विचारलं, अजून किती वेळ? दुसऱ्याने जांभई दिली.

मिस्त्रींनी छत्तीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्या होत्या. अडकलेल्या लिफ्टमध्ये माणसं कशी वागतात ते त्यांनी इतक्यांदा पाहिलं होतं की माणसांबद्दल त्यांचं मत फारसं चांगलं उरलं नव्हतं. या इमारतीतल्या माणसांबद्दल तर मुळीच नाही. तीन महिन्यांपूर्वी त्यांची बायको गेली. तिला न्यायला गाडी आली तेव्हा तिसऱ्या मजल्यावरच्या गृहस्थांनी आधी विचारलं होतं, ही गाडी अशी आडवी किती वेळ राहणार?

फिल्म बायकोची होती. ती हौशी मंडळींच्या फिल्म क्लबात जायची. इमारतीच्या तळघरात कपडे धुण्याची सामाईक खोली होती. चार मशीनं, एक ड्रायर, एक बाक आणि रस्त्याच्या पातळीवर एक खिडकी. तिथल्या फळीवर तिने कॅमेरा ठेवला, दारावर 'कॅमेरा चालू आहे' असा कागद चिकटवला आणि घरोघर जाऊन सह्या घेतल्या. पहिला आठवडा सगळे लग्नाला आल्यासारखे वागले. तिसऱ्या आठवड्यात कॅमेरा विसरले आणि मूळ पदावर आले. आठ महिन्यांच्या चित्रणातून तिने अकरा मिनिटं ठेवली. त्यात ना निवेदन, ना संगीत. फक्त मशीनची घरघर आणि माणसं.

ज्या संगणकावर तिने काम केलं तो क्लबाचा होता. तो परत गेला आणि दुसऱ्याला देताना त्यांनी तो पुसून दिला. उरला तो हा एक पेनड्राइव्ह. दुसरी प्रत करून ठेवावी हे मिस्त्रींच्या डोक्यात आलं नव्हतं.

आणि त्यात आणखी एक गोष्ट होती. बायको जन्मभर कॅमेऱ्यामागे राहिली. निरोपसुद्धा ती लिहून पाठवायची. फिल्ममधूनही तिने स्वतःचा आवाज जागोजागी काढून टाकला होता. एकाच ठिकाणी, शेवटाकडे, ती दोन वाक्यं बोलते आणि हसते. सात सेकंद. जगात तिचा आवाज तेवढाच शिल्लक होता.

मिस्त्री उठले आणि सभेला म्हणाले, "फिल्म कुणीतरी नेली आहे."

लोकांनी एकमेकांकडे पाहिलं. मग ते चहाकडे वळले.

२

आदल्या दिवशी संध्याकाळी हॉलमध्ये पाच जण होते. मिस्त्रींनी पडद्यावर सुरुवातीची दोन मिनिटं चालवून पाहिली, पेनड्राइव्ह काढला, वायरीसकट पिशवीत टाकला आणि पिशवी चुरगाळून कपाटात कोंबली. कपाटाची कडी मोडून दोन वर्षं झाली होती. त्या कडीबद्दल आतापर्यंत तीन सूचना लागल्या होत्या, कडी मात्र लागली नव्हती. पेनड्राइव्ह तिथे आहे हे त्या पाच जणांनाच ठाऊक होतं. स्वतः मिस्त्री सोडले तर उरले चार. सेक्रेटरी, दातांच्या डॉक्टरीणबाई, मिस्त्रींची मेहुणी आणि खुर्च्या मांडायला आलेले मास्तर.

मिस्त्रींनी आधी सेक्रेटरींना गाठलं. कारण उघड होतं. सभेत फिल्मनंतर सेक्रेटरीपदाची निवड व्हायची होती, आणि फिल्ममध्ये सेक्रेटरींचे चाळीस सेकंद होते. दुसऱ्याचे ओले कपडे मशीनमधून ते दोन बोटांनी, मेलेला उंदीर उचलावा तसे काढतात आणि फरशीवर सोडतात. मग त्याच फरशीवर उभं राहून भिंतीवर 'स्वच्छता राखा' ही सूचना चिकटवतात. बायकोने त्यात कात्रीसुद्धा चालवली नव्हती. गरजच पडली नव्हती.

फिल्म गायब झाली तसे सेक्रेटरी एकमताने पुन्हा निवडून आले होते. ते अजून अभिनंदनं घेत होते. मिस्त्रींनी त्यांना बाजूला घेतलं, तेव्हा त्यांनी आधी दुःख व्यक्त केलं, मग कपाटाच्या कडीबद्दल चौथी सूचना लावतो असं आश्वासन दिलं. सकाळी नऊला तुम्ही कपाटाशी होतात असं ऐकलं, असं मिस्त्री म्हणाले. ते मान्य करून सेक्रेटरी म्हणाले, लांब वायरीचा बोर्ड काढत होतो. आणि मग आवाज खाली आणून त्यांनी विचारलं,

"मिस्त्री, एक सांगा. माझा भाग त्यात होता का हो?"

"होता."

"बरा होता?"

मिस्त्रींनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. हा माणूस खरोखरच विचारत होता. वर्षानुवर्षं दुसऱ्यांचे कपडे जमिनीवर टाकूनही आपण त्यात चांगलेच दिसत असणार अशी त्याला आशा होती. ज्याला स्वतःची चोरी ठाऊकच नाही तो पुरावा कशाला पळवेल? सेक्रेटरींना यादीतून काढावं लागलं याचं मिस्त्रींना जरा वाईटच वाटलं.

"सकाळी मी कपाटाशी होतो हे कुणी सांगितलं?" सेक्रेटरींनी विचारलं.

सांगितलं होतं डॉक्टरीणबाईंनी. विचारायच्या आधीच. आणि ते सांगून त्या घाईघाईने तळघराकडे निघून गेल्या होत्या.

३

तळघराच्या पायऱ्या उतरताना मिस्त्रींना आतून खरखर ऐकू आली. दारातून त्यांनी पाहिलं. बाकावर मास्तर बसलेले होते. ते कायमच तिथे असायचे. आणि साबणाच्या पुड्यांच्या फळीपुढे डॉक्टरीणबाई पाठमोऱ्या उभ्या होत्या. त्यांच्या हातात चमचा होता.

फिल्ममध्ये डॉक्टरीणबाई तीनदा येतात. शेजारणीच्या डब्यातून त्या रोज दोन चमचे साबणाची पूड काढतात आणि मग डबा हलवून वरचा थर सपाट करतात, कुणाला कळू नये म्हणून. दिवसाला वीस जणांचे दात तपासणारी, दारात मोठी गाडी असलेली ही बाई. पूड सपाट करतानाचा तिचा चेहरा इतका एकाग्र असतो की क्लबातली सगळी मंडळी तिथे हसली होती.

"डॉक्टर, काय चाललंय?" मिस्त्री म्हणाले.

बाई दचकल्या. पूड सांडली. मिस्त्री जवळ गेले आणि त्यांना दिसलं ते भलतंच. बाईंनी नवा पुडा आणला होता आणि त्यातली पूड चमच्याचमच्याने शेजारणीच्या डब्यात भरत होत्या. फिल्म दाखवायचं ठरल्यापासून चार दिवस हाच उद्योग चालू होता, असं निघालं. लोकांनी पाहिलं तरी म्हणता येईल, उसनी घेतली होती, परत केली. त्यांनी हे अगदी गंभीरपणे सांगितलं.

"किती परत केली?" मिस्त्रींनी विचारलं.

"जेवढी फिल्ममध्ये आली असेल तेवढी."

आठ महिन्यांतली बाकीची पूड कॅमेऱ्यात आली नव्हती, म्हणजे ती घेतलीच नव्हती. मिस्त्रींनी हिशोब बरोबर असल्याची मान डोलावली. फिल्म पळवायचा बेत असता तर ही बाई चार दिवस चमचा घेऊन राबली नसती. तीही यादीतून गेली. सेक्रेटरींकडे बोट दाखवलं ते केवळ स्वतःकडे कुणी बघू नये म्हणून.

"तुमच्या मेहुणीला विचारलंत का?" बाई फरशीवरची पूड पायाने सारत म्हणाल्या. "ती काल म्हणत होती, ही फिल्म इथे दाखवू देणार नाही. आज चारच्या गाडीने निघाली आहे म्हणे."

मास्तरांना विचारण्यासारखं काही नव्हतं. मिस्त्री त्यांच्यासमोरून गेले आणि जिना चढू लागले. घड्याळात पावणेतीन झाले होते.

४

मेहुणी म्हणजे बायकोची धाकटी बहीण. आजारपणाचे शेवटचे चार महिने ती इथे राहून खपली, आणि नंतरही सामान आवरायला थांबली. मिस्त्रींना तिच्याबद्दल आदर होता. पण तिचं तोंड भारी होतं. काल हॉलमधून वर आल्यावर तिने त्यांना चांगलंच झापलं होतं. ताई अंथरुणावर होती तेव्हा या चौदा घरांतलं कोण वर आलं? एकदा एक आला, तोही गळणाऱ्या नळाची तक्रार घेऊन. आणि तुम्ही ताईचं काम यांच्यापुढे मांडणार? हे बघणार, खी खी करणार, बाकीच्यांकडे बोट दाखवणार, आणि स्वतःचा भाग आला की कॅमेऱ्याला नावं ठेवणार. फिल्म मला द्या, मी घेऊन जाते.

ते सगळं खरं होतं. मिस्त्रींना नेमकं हेच हवं होतं. या लोकांना एकदा स्वतःचं तोंड दिसावं. बायकोने प्रेमाने पाहिलं असेल, ते त्यांना जमत नव्हतं. त्यांना फिल्म म्हणजे चपराक वाटत होती.

ती बॅग भरत होती. मिस्त्री दारात उभे राहिले. काय विचारायचं ते त्यांनी जिन्यात जुळवलं होतं, पण तोंडातून निघालं ते वेगळंच.

"नेत असलीस तर ने. फक्त तिचा आवाज मला ठेव."

मेहुणीने वर पाहिलं. तिचा चेहरा लाल झाला. मग तिने भरलेली बॅग उचलली आणि पलंगावर पालथी केली. साड्या, औषधांच्या पट्ट्या, ताईचा एक स्वेटर, चष्म्याची घरं. एकेक कप्पा उघडून तिने आतलं कापड बाहेर ओढलं.

"बघा भावोजी. पदर झटकून दाखवू?"

पेनड्राइव्ह नव्हता. मिस्त्रींना मान वर करवेना. ती रडत रडत कपडे परत भरू लागली. भरू कसली लागली, कोंबू लागली. दोन्ही हातांनी गोळा करायची, छातीशी धरायची आणि बॅगेत दाबायची. तिची तीच पद्धत होती. आजारपणाआधी ती पाहुणी आली होती, तेव्हाची ती फिल्ममध्येही एकदा तशीच येते, ताईच्या चादरींचा मोठा गोळा छातीशी घेऊन.

मिस्त्री तो गोळा बघत राहिले आणि त्यांच्या हाताला एकदम सकाळची पिशवी आठवली.

काल त्यांनी ती चुरगाळून कोंबली होती. आज सकाळी ती वहीसारखी चपटी होती. त्यांनी ती झटकून उघडली होती, म्हणजे ती मिटलेली होती. लांबीत तीन घड्या, आणि पट्टे आत दुमडलेले.

"काय झालं?" मेहुणी म्हणाली.

"तू नाहीस," मिस्त्री म्हणाले. "चूक झाली माझी. चारच्या गाडीला तुला सोडायला मी येतो. दहा मिनिटं थांब."

५

लिफ्टमध्ये बिघाड कुठे आहे हे मिस्त्री कानाने ओळखायचे. बटण दाबणारा काय सांगतो ते ते ऐकत नसत, कारण तो काहीही सांगतो. मघापासून ते लोकांचं ऐकत बसले होते ही त्यांची चूक होती. पाहायला हवे होते हात.

फिल्म पाहायची तर ती हातात नव्हती. पण बायकोने ती वर्षभर त्यांच्या शेजारी बसून कापली होती. त्यांना ती घरचा रस्ता आठवावा तशी आठवत होती. जिना उतरता उतरता त्यांनी ती मनात चालवली. त्या खोलीचा नियम असा की मशीन थांबलं आणि मालक आला नाही, तर पुढच्याने त्याचे कपडे बाहेर काढायचे. दुसऱ्याचं कापड हातात आलं की माणूस उघडा पडतो. बायको म्हणायची, माझी फिल्म एवढीच आहे. सेक्रेटरी जमिनीवर टाकतात. डॉक्टरीणबाई हाताला लागू नये म्हणून हँगरने ढकलतात. मेहुणी गोळा करते. आणि एकच माणूस अनोळखी शर्टसुद्धा मांडीवर ठेवून, बाह्या आत घेऊन, तीन घड्या घालतो.

चोरी करणारा घाईत असतो. रिकाम्या पिशवीची घडी घालावी असा विचार कुणी करत नाही. विचार केला असता तर घातलीच नसती, जशी होती तशी कोंबली असती. ती घडी हातांनी आपली आपण घातली होती, कारण पिशवी दुसऱ्याची होती.

हे सगळं जुळलं तरी एक गोष्ट जुळत नव्हती. फिल्ममध्ये ज्यांना लाजावं लागलं नसतं असे ते एकटेच होते. मग त्यांनी का न्यावी?

तळघरात आता दुसरं कुणी नव्हतं. बाकावर मास्तर होते. शेजारी जेवणाचा डबा आणि पाण्याची बाटली. मिस्त्री समोर उभे राहिले तसं मास्तरांनी काही न विचारता चष्म्याचं घर उघडलं, आणि पेनड्राइव्ह काढून बाकावर ठेवला.

"गरम पाण्याच्या मशीनमध्ये टाकणार होतो," मास्तर म्हणाले. "सकाळपासून बसलोय. तीनदा झाकण उघडलं."

"मग?"

"त्यात तुमच्या बायकोचा आवाज आहे. माझ्याशीच बोलल्यात त्या. मला माहीत आहे कुठे आहे तो."

मिस्त्री बाकावर बसले. त्यांना तो तुकडा पाठ होता. शेवटाकडचा, साडेतीन मिनिटांचा, फिल्ममधला सगळ्यात लांब. पण ते तो तुकडा नेहमी डोळे मिटून ऐकायचे. आवाज येतो तेव्हा पडद्यावर काय असतं, ते त्यांनी एकदाही धड पाहिलं नव्हतं.

मास्तरांनी सांगितलं. सून घरातून काम करते, तिला घरात शांतता लागते. मुलगा म्हणाला, बाबा, दिवसभराचाच प्रश्न आहे, रविवारी तिचं कामही जास्त असतं. म्हणून ते सकाळी दहाला डबा घेऊन खाली येतात. पाचला मुलाचा फोन येतो, आता या. दोन वर्षं झाली. त्या तुकड्यात खिडकीतलं ऊन बाकाच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे सरकतं, माणसं येतात, जातात, आणि ते तिथेच असतात. घड्या घालतात, डबा खातात, डबा धुतात. शेवटी कॅमेऱ्यामागून ती विचारते, मास्तर, रोजच बसता का हो इथे? ते म्हणतात, घरी पाहुणे आलेत. ती म्हणते, रोज पाहुणे? आणि हसते.

"फिल्म पुरी होत आली तेव्हा मी वर जाऊन त्यांना सांगितलं सगळं. त्या हसल्या त्याबद्दल माफी मागत होत्या. म्हणाल्या, पुसून टाकते मास्तर, कुठेच ठेवणार नाही. काल पडदा लावताना तुम्ही म्हणालात, फिल्म जशी होती तशीच आहे, तिने शेवटी हात लावला नाही. तेव्हा कळलं, त्यांचं राहून गेलं."

मुलगा आणि सून सकाळी सभेत पहिल्या रांगेत बसले होते. सून सगळ्यांना सांगते, बाबांना खाली गप्पा मारायला आवडतं. पस्तीस माणसांसमोर ते उघडं पडलं असतं तर मुलाची लाज गेली असती, आणि मग तळघरही राहिलं नसतं. सून बरेच दिवस एका वृद्धाश्रमाचं पत्रक घेऊन हिंडत होती.

"मला का नाही विचारलंत?" मिस्त्री म्हणाले.

"दोनदा जिन्यात थांबलो होतो तुमच्यासाठी. तुम्ही बघितलं आणि गेलात."

हे मास्तर तक्रारीच्या सुरात म्हणाले नाहीत. मघाशी याच खोलीत मिस्त्री या माणसासमोरून चालत गेले होते. गेलं वर्षभर ते इमारतीला नावं ठेवत होते, की कुणाला काही दिसत नाही. मास्तरांना ते मनात म्हणायचे, रिकामटेकडा म्हातारा, ड्रायरची ऊब खात बसतो.

"तुम्ही माझ्याकडे वर येऊन बसत जा," ते शेवटी म्हणाले.

"नको. लोक विचारतील का बसता म्हणून." मास्तरांनी डबा पिशवीत ठेवला. "तेवढं पुसा म्हणजे झालं."

"पुसतो," मिस्त्री म्हणाले.

६

पेनड्राइव्ह माझ्याच कोटाच्या खिशात सापडला, असं त्यांनी सेक्रेटरींना सांगितलं. संध्याकाळपर्यंत ते चौदा घरांत पोचलं. वय झालं, बायको गेल्यापासून डोकं जागेवर नाही, फुकट सगळ्यांवर संशय घेतला. मास्तरांच्या सुनेने जिन्यात थांबवून त्यांना बदाम खायचा सल्ला दिला. मिस्त्रींनी तो मान खाली घालून ऐकला. डॉक्टरीणबाईंनी साबणाच्या पुडीचं काम अर्ध्यावर सोडलं, कारण फिल्म दाखवणार नाही असं मिस्त्रींनी कळवलं होतं. आठवड्याने त्या पुन्हा चमचा घेऊन उलट दिशेने कामाला लागल्या.

बुधवारी मिस्त्री क्लबात गेले. तिथल्या मुलीने पेनड्राइव्ह संगणकाला लावला. कुठला भाग, काका? मिस्त्रींनी सांगितलं. तिने बायकोचा आवाज ओळखला. आवाज वेगळा काढून देऊ का, असं तिने विचारलं. आवाजात मास्तरांचं पाहुण्यांचं वाक्य होतं, त्यावरचं तिचं हसणं होतं. वेगळं करायला त्यात काही नव्हतं. आणि बायकोने शब्द दिला होता, कुठेच ठेवणार नाही. मिस्त्री म्हणाले, नको, सगळाच पुसायचा आहे.

"एकदा पुसला की परत यायचा नाही हं," मुलगी म्हणाली.

"आधी एकदा लाव."

तिने लावला. या वेळी मिस्त्रींनी डोळे उघडे ठेवले. ऊन सरकत गेलं. मास्तर कुणाचा तरी शर्ट मांडीवर घेऊन बाह्या आत घेत होते. साडेतीन मिनिटं संपत आली, ती बोलली, हसली, आणि हसण्याच्या शेवटी तिला जरासा खोकला आला. हा खोकला पुढे काय होणार होता ते तेव्हा कुणाला ठाऊक नव्हतं. मिस्त्री म्हणाले, परत लाव. मग परत. पाचव्या वेळी मुलीने घड्याळाकडे पाहिलं आणि क्लब बंद करायची वेळ झाल्याचं हळूच सांगितलं.

त्यानंतर ते दोनदा क्लबात गेले आणि दोनदा पेनड्राइव्ह तसाच घेऊन परत आले. जिन्यात मास्तर भेटतात. ते काही विचारत नाहीत. मिस्त्री आता थांबतात, त्यांच्याकडे बघतात, आणि पुढच्या आठवड्यात करतो म्हणून सांगतात.

तो तुकडा अजून पुसलेला नाही.